सरखेल म्हणजे नेमके कोण? वारंवार विचारले जाणारे प्रश्न

अलिबागजवळचा कुलाबा किल्ला पाहून आलेले पर्यटक, शाळेच्या प्रकल्पासाठी माहिती गोळा करणारी मुले, मोडी कागद वाचायला नुकतेच शिकलेले अभ्यासक, या सगळ्यांकडून ‘सरखेल’ या एका शब्दाबद्दल तेच ते प्रश्न येत राहतात. त्यांतले सर्वाधिक येणारे प्रश्न आणि त्यांची उत्तरे इथे दिली आहेत. सुरुवातीला साधे प्रश्न आहेत, पुढेपुढे अडचणीचे. एका उत्तरातली माहिती दुसऱ्यात पुन्हा न सांगता तिथे प्रश्नाचा क्रमांक दिला आहे.

१. सरखेल या शब्दाचा अर्थ काय?

मराठ्यांच्या इतिहासात सरखेल म्हणजे आरमाराचा प्रमुख म्हणून छत्रपतींनी मान्य केलेला सरदार. हा किताब आंग्रे घराण्याशी, आणि त्यातही कान्होजी आंग्र्यांशी, इतका जोडला गेला की आज बहुतेकांना तो त्यांच्या नावाचाच भाग वाटतो.

शब्द फारसीतून आला. ‘सर’ म्हणजे डोके, प्रमुख. सरदार, सरनोबत, सरलष्कर, सरसुभा यांत आहे तोच. ‘खेल’ हा मूळचा अरबी ‘खैल’, म्हणजे घोडे, घोडेस्वारांचा जथा. खेळण्याशी त्याचा काही संबंध नाही. म्हणून ‘सरखेळ’ हे रूप चुकीचे आहे.

२. म्हणजे हा घोडदळातला शब्द! मग तो समुद्रावर कसा गेला?

हो, शब्द घोडदळातलाच, आणि सुरुवातीला अगदी लहान हुद्द्याचा. दिल्लीच्या सुलतानशाहीतल्या लष्कराची उतरंड झियाउद्दीन बरनी या चौदाव्या शतकातल्या इतिहासकाराने नोंदवली आहे. तिच्यात दहा स्वारांवर एक सरखेल, दहा सरखेलांवर एक सिपाहसालार, दहा सिपाहसालारांवर एक अमीर, त्यावर मलिक आणि सगळ्यांच्या वर खान. थोडक्यात, सरखेल म्हणजे दहा घोड्यांचा नाईक.

दख्खनच्या शाह्यांमध्ये या शब्दाचे वजन वाढले (प्रश्न १२ पाहा). मराठी राज्यात तो आला तेव्हा ‘तुकडीचा प्रमुख’ हा मूळ अर्थ मागे पडून तो मानाचा किताब झाला होता. पथक घोड्यांचे असो की गुराबांचे, म्हणजे लढाऊ जहाजांचे, त्याचा धनी तो सरखेल.

मला हा बदल फार बोलका वाटतो. रामचंद्रपंत अमात्यांच्या आज्ञापत्रात, म्हणजे राज्यकारभारावरच्या ग्रंथात, आरमारावर स्वतंत्र प्रकरण आहे. ज्याच्याजवळ अश्वबळ त्याची पृथ्वी, तसे ज्याच्याजवळ आरमार त्याचा समुद्र, असे त्यात स्पष्ट म्हटले आहे. घोडा आणि जहाज त्या पिढीच्या मनात शेजारी शेजारी उभे होते. अशा वेळी घोडदळाचा किताब दर्यावरच्या माणसाला देणे कुणाला विचित्र वाटले नसणार.

३. सरखेल म्हणजे आजचा ॲडमिरलच ना?

पाहुण्याला एका वाक्यात सांगायचे असेल तर चालेल. पण तिथेच थांबलात तर कान्होजींच्या आयुष्यातली अर्धी गोष्ट कळणार नाही.

ॲडमिरल हा पगारी अधिकारी असतो. त्याची नेमणूक होते, बदली होते, तो निवृत्त होतो. जहाजे आणि तळ सरकारचे असतात. सरखेलाचे सगळेच वेगळे होते. त्याच्याकडे स्वतःचे किल्ले होते, मुलूख होता, खजिना होता, गोद्या होत्या, न्यायनिवाडा होता. मुंबईच्या इंग्रज गव्हर्नराशी तो थेट पत्रव्यवहार करी, स्वतःच्या नावाने तह करी. आणि तरीही तो छत्रपतींचा चाकर होता. आपल्या सत्तेला सातारच्या गादीची मान्यता आहे हे तो या किताबाने सांगत असे.

त्यामुळे लिहिताना ‘मराठा आरमाराचे प्रमुख, सरखेल कान्होजी आंग्रे’ असे लिहावे. कंसात ‘ॲडमिरल’ घातला की वाचकाच्या डोळ्यांसमोर गणवेश आणि पदके उभी राहतात, आणि किल्ले-मुलूख सांभाळणारा दर्याचा धनी दिसेनासा होतो.

४. शिवाजी महाराजांच्या आरमाराचे सरखेल कोण होते?

हा प्रश्न सगळ्यात जास्त येतो. महाराजांच्या आरमाराच्या संदर्भात सरखेल हा किताब लावू नये. त्या काळी आरमाराच्या अधिकाऱ्यांत दर्यासारंग हा किताब, तसेच मायनाक भंडारी आणि दौलतखान ही नावे आढळतात. १६७९ मध्ये खांदेरी बेटावर तटबंदी उभी राहत होती, इंग्रज आणि जंजिऱ्याचा सिद्दी ती थांबवायला धडपडत होते, तेव्हा समुद्रावर लढले ते मायनाक आणि दौलतखान.

मायनाक भंडारींचा पुतळा किंवा फलक उभारताना कुणी भक्तीने ‘सरखेल’ लिहितात. भावना समजते. पण त्या माणसाने खांदेरीवर जे केले ते एवढे मोठे आहे की त्याला नंतरच्या पिढीचा किताब उसना द्यायची गरज नाही.

५. दर्यासारंग, सुभेदार, तांडेल, नाखवा हे सगळे सरखेलाचेच दुसरे शब्द का?

नाही. सारंग म्हणजे जहाज चालवणारा जाणता खलाशी. दर्यासारंग हा त्यावरून आलेला किताब. नाखवा म्हणजे जहाजाचा मालक किंवा चालक. कोळीवाड्यांत हा शब्द आजही रोजच्या बोलण्यात आहे. तांडेल म्हणजे खलाशांवरचा म्होरक्या, आणि लढाऊ जहाजावर त्याच्या वरचा सरतांडेल. सुभेदार हा आरमाराच्या एका सुभ्याचा अधिकारी. आज्ञापत्रात पाच गुराबा आणि पंधरा गलबते मिळून एक सुभा करावा, आणि सर्वांवर सरसुभा असावा असे सांगितले आहे.

सरखेल या सगळ्यांच्या वर, आणि मुख्य म्हणजे या रांगेच्या बाहेर. तांडेलाला बढती मिळत मिळत तो सरखेल होत नसे.

६. कान्होजींना सरखेल कुणी केले? ताराबाईंनी की शाहू महाराजांनी?

दोन्ही बाजूंची माणसे हा प्रश्न हिरीरीने विचारतात, म्हणून क्रम नीट सांगतो.

कान्होजींच्या आधी आरमाराची धुरा सिधोजी गुजर यांच्याकडे होती. १६९८ च्या सुमारास ते वारले आणि कान्होजी पुढे आले. तो राजाराम महाराजांचा काळ. १७०० मध्ये महाराज गेले आणि त्यानंतर कान्होजी ताराबाईंच्या पक्षाला राहिले. १७०७ मध्ये शाहू महाराज मोगलांच्या कैदेतून सुटून आले तरी कान्होजींनी बाजू बदलली नाही. शाहूंचे पेशवे बहिरोपंत पिंगळे त्यांच्यावर चालून आले तेव्हा कान्होजींनी पेशव्यांनाच पकडून लोहगडावर ठेवले.

नोव्हेंबर १७१३ मध्ये बाळाजी विश्वनाथ पेशवे झाले आणि लगेच कान्होजींकडे निघाले. बाळाजीपंत मूळचे श्रीवर्धनचे. कोकणची माणसे, तिथली बंदरे आणि सिद्दीचा जाच त्यांनी जवळून पाहिला होता. लढाईऐवजी बोलणी झाली. १७१४ च्या आरंभी लोणावळ्याजवळ तह ठरला. पिंगळे सुटले, कान्होजींनी शाहू महाराजांची चाकरी पत्करली. बदल्यात दहा किल्ले आणि सोळा लहान ठाणी त्यांच्याकडे कायम झाली, आणि सरखेल हा किताब साताऱ्याच्या गादीकडून मिळाला.

तेव्हा उत्तर असे: आरमाराचे प्रमुखपद राजाराम-ताराबाईंच्या काळातले, आणि ज्या अधिकाराने सरखेली पुढे चालली ती मान्यता शाहू महाराजांची. माझ्या मते बाळाजी विश्वनाथांच्या साऱ्या कारकिर्दीतले हे सर्वांत शहाणपणाचे काम. एका तहाने सारे आरमार, एकही गुराब न गमावता, राज्यात परत आले.

७. सरखेलाच्या हाताखाली किती आणि कसली जहाजे असत?

मोहिमेला साधारण आठ-दहा गुराबा आणि चाळीस-पन्नास गलबते निघत. संख्येपेक्षा त्यांची बांधणी समजून घेणे जास्त महत्त्वाचे.

गुराब दोन किंवा तीन डोलकाठ्यांची, दीडशेपासून तीनशे टनांपर्यंतची. तळ फार खोल नाही. पुढची नाळ लांब, खाली उतरत पाण्यावर झेपावलेली. या नाळेच्या मागे, पुढच्या छपराखाली, नऊ किंवा बारा पौंडी गोळ्यांच्या दोन तोफा थेट समोर रोखलेल्या असत. युरोपीय जहाजाच्या मुख्य तोफा कुशीला असत, त्यामुळे मारा करायला त्याला आडवे व्हावे लागे. गुराबेला पाठलाग करता करताच मारता येई. गलबत त्याहून लहान, फार तर सत्तर टनांचे. शीड होतेच, शिवाय चाळीस-पन्नास वल्ही. वारा पडला तरी ते ताशी चार मैल जाई.

आता लढाई डोळ्यांसमोर आणा. वारा पडलेला आहे, इंग्रजांच्या ईस्ट इंडिया कंपनीचे मोठे जहाज शिडे लोंबकळत जागच्या जागी उभे आहे. गलबते गुराबांना दोर बांधून वल्ह्यांच्या जोरावर ओढत आणतात, तीही त्या जहाजाच्या पिछाडीला, जिथे त्याच्या तोफा सर्वांत कमी. गुराबा तिथून डोलकाठ्या आणि शिडे फोडतात. जहाज पांगळे झाले की गलबतांतली माणसे तलवारी घेऊन चढतात.

ही माणसे कोण होती, हेही लोक विचारतात. कोळी, भंडारी, खारवी, गाबित, दालदी, कोकणातले मुसलमान दर्यावर्दी, आणि गोलंदाजीवर काही युरोपीयसुद्धा.

८. इंग्रज कान्होजींना चाचा, म्हणजे समुद्री लुटारू, म्हणतात. सरखेल म्हणजे सरकारमान्य चाचेगिरी का?

नाही, आणि हे मी ठामपणे सांगतो.

आपल्या किनाऱ्यावरून व्यापारी जहाज जायचे तर त्याने दस्तक घ्यावे, म्हणजे फी भरून परवाना घ्यावा, अशी सरखेलाची मागणी होती. दस्तक नसेल तर जहाज धरले जाई. ही पद्धत आंग्र्यांनी शोधलेली नाही. पोर्तुगीज सोळाव्या शतकापासून याच समुद्रात कार्ताझ या नावाने तेच करत होते, आणि कार्ताझ नसलेली जहाजे लुटत, बुडवत होते. इंग्रजही आपले परवाने देत. स्वतःचा परवाना तो कायदा आणि दुसऱ्याने मागितला की दरोडा, असा तो हिशेब होता.

खरा वाद बारीक होता. कंपनीच्या स्वतःच्या मालाला सूट द्यायला कान्होजी तयार होते. पण हिंदी व्यापाऱ्यांची खासगी जहाजे इंग्रजी निशाण लावून दस्तक चुकवू लागली तेव्हा त्यांनी ती धरली. १७१५ च्या अखेरीस मुंबईचा गव्हर्नर झालेल्या चार्ल्स बूनने हा प्रश्न तोफांनी सोडवायचे ठरवले. १७१७ मध्ये विजयदुर्ग, १७१८ मध्ये खांदेरी, १७२० मध्ये पुन्हा विजयदुर्ग. मग १७२१ मध्ये पोर्तुगीजांना बरोबर घेऊन, इंग्लंडच्या राजाची लढाऊ जहाजे आणून, कुलाब्यावर स्वारी. चारही वेळा हात हलवत परत. इतक्या वेळा हरल्यावर शत्रूला चाचा म्हणणे सोपे जाते.

कान्होजींची जहाजे लुटीचा माल घेत नव्हती असे मात्र नाही. धरलेले जहाज आणि त्यावरचा माल हा उत्पन्नाचा भाग होताच. त्या शतकातल्या प्रत्येक आरमाराचा होता.

९. जंजिरा सरखेलाच्या ताब्यात कधी होता का?

कधीच नाही. जंजिरा सिद्दीचा आणि सिद्दी मोगलांच्या बाजूचा. कुलाबा, खांदेरी, सुवर्णदुर्ग, विजयदुर्ग हे आंग्र्यांचे. मुरूडजवळचे दोन जलदुर्ग पाहून गोंधळ होतो. त्यांपैकी पद्मदुर्ग शिवाजी महाराजांचा, जंजिरा सिद्दीचा.

१०. सरखेल हा किताब वडिलांकडून मुलाकडे जाई का?

व्यवहारात जाई, पण प्रत्येक वेळी छत्रपतींची मान्यता लागे. कान्होजी ४ जुलै १७२९ रोजी वारले. थोरले सेखोजी सरखेल झाले, पण १७३३ मध्ये तेही गेले आणि संभाजी-मानाजी या भावांत तंटा पेटला.

१७३५ मध्ये बाजीराव पेशव्यांनी वाटणी केली. मानाजींना कुलाबा आणि ‘वजारतमाआब’ हा नवा किताब, संभाजींना सुवर्णदुर्ग-विजयदुर्गाकडचा भाग आणि ‘सरखेल’. घरातले भांडण मिटवण्यासाठी काढलेली ही तोड, पण आरमाराच्या दृष्टीने ती फार महाग पडली. कान्होजींच्या हातात खांदेरीपासून विजयदुर्गापर्यंतचा किनारा एक होता. आता त्याचे दोन धनी झाले आणि ते एकमेकांवरच जहाजे घालू लागले. संभाजी जानेवारी १७४२ मध्ये वारले आणि किताब कान्होजींचेच पुत्र तुळाजी यांच्याकडे आला.

११. तुळाजींनंतर सरखेल कोण? धुळपांना सरखेल म्हणता येईल का?

तुळाजी आणि पेशवे यांचे बिनसले. नानासाहेब पेशव्यांनी इंग्रजांशी हात मिळवला. एप्रिल १७५५ मध्ये कमोडोर जेम्सने सुवर्णदुर्ग घेतला. फेब्रुवारी १७५६ मध्ये वॉटसन आणि क्लाइव्ह विजयदुर्गावर आले. बंदरात आंग्र्यांची जहाजे एकमेकांना खेटून, दोरांनी बांधून उभी होती. पेटता गोळा त्यांतल्या एका जहाजावर पडला. पूर्वी कंपनीकडूनच जिंकलेले ते जहाज. आग एकावरून दुसऱ्यावर गेली आणि तुळाजींचे आरमार तिथेच जळून गेले. तुळाजींचे उरलेले आयुष्य कैदेत गेले. आपल्याच आरमाराची ही होळी आपल्याच सरकारच्या संमतीने झाली, हे लिहिताना आजही त्रास होतो.

पुढे विजयदुर्ग पेशव्यांकडे आला आणि तिथे त्यांनी आरमाराचा सुभा ठेवला. आनंदराव धुळप हे त्या सुभ्याचे प्रसिद्ध अधिकारी. १७८३ मध्ये त्यांनी रत्नागिरीजवळ इंग्रजांचे रेंजर जहाज धरले. शौर्यात ते कुणाला कमी नव्हते. पण त्यांना सुभेदार म्हणावे, सरखेल नव्हे. ते पेशव्यांना हिशेब देणारे अधिकारी होते. प्रश्न ३ मधला फरक इथे उपयोगी पडतो: आजच्या ॲडमिरलशी तुलना करायचीच तर धुळपांची जास्त जुळेल.

१२. गोवळकोंड्याच्या इतिहासात सरखेल हा महसुलाचा अधिकारी आहे. मग खरा अर्थ कोणता?

दोन्ही खरे, आपापल्या दरबारात. कुतुबशाहीत सरखेल हे महसुली कारभारातले मोठे पद होते, त्याचा समुद्राशी संबंध नाही. बंगालमध्ये सरखेल हे आडनाव आहे, त्यावरूनही आंग्र्यांशी नाते जोडू नये. शब्द दिसला की आधी दरबार आणि शतक पाहावे.

१३. बडोद्याच्या गायकवाडांचा ‘सेनाखासखेल’ किताब यातलाच का?

‘खेल’ तोच, किताब वेगळा. सेनाखासखेल हा जमिनीवरच्या फौजेचा मान. नागपूरकर भोसल्यांचा ‘सेनासाहेबसुभा’ही असाच. सातारच्या दरबारात असे किताब वाटून मोठ्या सरदारांना गादीशी बांधून ठेवले जाई.

१४. कुलाबा किल्ल्यात चाकांच्या गाड्यावर दोन तोफा आहेत. त्या सरखेल कान्होजींच्या का?

नाहीत. ओहोटी पाहून चालत जा, तोफांजवळ थांबा आणि त्यांच्यावरची अक्षरे वाचा. इंग्लंडमधल्या यॉर्कशायरच्या कारखान्याचे नाव आणि १८४९ हे साल कोरलेले आहे. कान्होजी गेले १७२९ मध्ये, आणि कुलाब्याचे आंग्रे संस्थान इंग्रजांनी १८४० मध्ये खालसा केले. म्हणजे या तोफा खालसानंतरच्या. त्यांच्यासोबत फोटो जरूर काढा, पण खाली ‘सरखेलांच्या तोफा’ लिहू नका.

कान्होजींच्या काळाशी जोडणारी वस्तू पाहायची तर तट पाहा. मोठमोठे दगड चुन्याशिवाय एकमेकांवर रचलेले आहेत. लाट आपटली की पाणी फटींत शिरते आणि तिचा जोर तिथेच मोडतो. अलिबाग गावात छत्रीबागेत कान्होजींची समाधी आहे. तिथे मात्र फार थोडे लोक जातात.

१५. भारतीय नौदलात आज सरखेल हा हुद्दा आहे का?

नाही. मुंबईतल्या नौदलाच्या तळाला १९५१ पासून ‘आयएनएस आंग्रे’ हे नाव आहे, आणि खांदेरी बेटाला १९९८ मध्ये कान्होजी आंग्रे बेट असे नाव देण्यात आले. डिसेंबर २०२३ मध्ये सिंधुदुर्गात नौदल दिन साजरा झाला, तेव्हा ॲडमिरलांच्या खांद्यावरील पट्ट्यांवर शिवाजी महाराजांच्या राजमुद्रेवरून घेतलेला अष्टकोन येणार असे जाहीर झाले. त्यावरून ‘आता सरखेल हा हुद्दा परत आला’ असे संदेश फिरले. ते खरे नाहीत.

१६. किताब नावाच्या आधी लिहावा की नंतर?

जुन्या कागदांत बहुधा नंतर: ‘कान्होजी आंग्रे सरखेल’. आजच्या मराठीत आधी लिहितात. दोन्ही चालते. पदासाठी ‘सरखेली’ हा सरदारी, सुभेदारी यांसारखा स्त्रीलिंगी शब्द वापरावा: सरखेली मिळाली, सरखेली गेली. ‘सरखेलपद’ही चूक नाही, पण सरखेली अधिक ठसठशीत वाटते.

१७. कागदात नाव न देता नुसते ‘सरखेल’ म्हटले असेल तर कोणता आंग्रे समजायचा?

तारखेवरून ठरवा. शाहू महाराजांच्या मान्यतेपासून जुलै १७२९ पर्यंत कान्होजी. तिथून १७३३ पर्यंत सेखोजी. १७३३ ते १७३५ हा तंट्याचा काळ, तिथे घाई करू नका. कागद कुठून लिहिला आहे, कुणाच्या बाजूचा आहे, हे आधी पाहा. १७३५ ते जानेवारी १७४२ संभाजी. त्यानंतर फेब्रुवारी १७५६ पर्यंत तुळाजी. मधल्या काळात ‘वजारतमाआब’ दिसले तर ते कुलाब्याचे मानाजी. आणि १७५६ नंतरच्या कागदात सरखेल आला तर विजयदुर्ग सोडून कुलाबकर शाखेच्या दप्तरात शोध घ्या.